पंखा बंद करताना कान द्या

होळी जवळ आली की आमच्या दुकानात उसाच्या मळ्यातल्या मोटारींना बाजूला सारून पंखे फळीवर चढतात. या सदराच्या टपालातही याच सुमाराला पंखेच निघतात. या वेळी बहुतेक पत्रांचा सूर एकच आहे: ताई, पंखा आवाज करतो, काय करू? आता ‘आवाज करतो’ एवढ्यावर मी सांगलीत बसून काय सांगणार? म्हणून पुढचं वाचण्याआधी सगळ्यांनी घरी एक गोष्ट करून बघा.

रात्री टीव्ही-मिक्सर सगळं शांत झालं की ज्या नंबरवर आवाज येतो त्या नंबरवर पंखा लावा. आवाज नीट कानात बसू द्या. मग बोर्डावरचं बटण बंद करा. वीज गेली तरी पाती काही वेळ आपल्या वेगाने फिरत राहतात, तेवढा वेळ कान द्या. बटण बंद केल्याक्षणी आवाज तुटला, तर दोष विजेकडचा: रेग्युलेटर, कंडेन्सर (पंख्याला फिरायला सुरुवात करून देणारा लहान भाग) किंवा कॉइल (मोटारीतली गुंडाळलेली तार). पाती फिरताहेत तोवर आवाजही रेंगाळला, तर दोष लोखंडाकडचा: बेअरिंग, पाती, हुक, स्क्रू. याला टेस्टर लागत नाही की स्टुलावर चढावं लागत नाही, आणि वायरमनने ‘नवा पंखा घ्या’ म्हटलं तर त्याला काय विचारायचं तेही कळतं.

*आमच्या बेडरूमचा पंखा दोन आणि तीन नंबरवर ‘गूंऽऽ’ असा घुमतो. पाचवर शांत असतो, पण पाचवर पहाटे थंडी वाजते. घरातलं वायरिंग नवं केलं तेव्हापासून हे सुरू झालं. वायरमन म्हणतो, कॉइल गेली. पंखा जुना आहे, पण कधी कुरकुरला नव्हता.*
*— निवृत्त मुख्याध्यापक, सोलापूर*

सर, कॉइल गेलेला पंखा पाचवर गप्प बसत नाही. कॉइलचे वेढे एकमेकांना शॉर्ट झाले की पंखा तापतो, वेग उतरतो, जळका वास येतो आणि घुमणं सगळ्याच नंबरांवर असतं. तुमच्या पंख्याला काही झालेलं नाही. वायरिंगबरोबर बोर्ड नवे आले असतील आणि जुना, हाताला गरम लागणारा मोठा रेग्युलेटर जाऊन त्या जागी लहानसं गोल बटण आलं असेल. घुमण्याचं मूळ तिथे आहे.

जुन्या डब्यात तारेचं वेटोळं असायचं. वीज त्यात तापून वाया जायची, पण पंख्याकडे जाणारी लाट कमी झाली तरी सलग असायची. नव्या बटणांपैकी पुष्कळांत ट्रायॅक नावाचा भाग असतो. आपली वीज सेकंदाला ५० फेरे करते, म्हणजे १०० अर्ध्या लाटा. ट्रायॅक प्रत्येक अर्ध्या लाटेचा सुरुवातीचा तुकडा कापून टाकतो. नंबर जितका खाली, तितका मोठा तुकडा. म्हणजे सेकंदाला १०० वेळा वीज थांबते आणि धक्का देत सुरू होते. मोटारीतल्या पत्र्यांच्या थप्पीला आणि कॉइलला ते धक्के बसतात, आणि तुमची झोप जाते. पाचवर कापणं जवळपास थांबतं, म्हणून आवाजही थांबतो.

दुकानात जाऊन ‘कपॅसिटर टाइपचा स्टेप रेग्युलेटर’ मागा. हा लाट कापत नाही, तिचा जोर कमी करतो. हात लावल्यावर फरक कळतो: ट्रायॅकवालं बटण बहुधा रेडिओच्या आवाजाच्या बटणासारखं सलग फिरतं, कपॅसिटरवालं टप्प्याटप्प्याने ‘टक टक’ करत. बहुधा म्हणते, कारण ‘टक टक’ करणारे काही ट्रायॅकही बाजारात आहेत. म्हणून नाव घेऊनच मागा. काही शे रुपयांत काम होतं. त्याआधी खात्री हवी असेल तर दुसऱ्या खोलीतल्या शांत पंख्याचा रेग्युलेटर वायरमनला इथे लावून बघायला सांगा, आणि हो, कॉइल कशावरून गेली हेही त्याला विचारा.

लातूरहून एकांनी याच्याच जवळचं विचारलं आहे: पंखा फक्त लाइट गेल्यावर, इन्व्हर्टरवर घुमतो. तुमचा इन्व्हर्टर स्क्वेअर वेव्ह असणार. त्याची लाट गोल चढत-उतरत नाही, पायऱ्यांनी उडी मारते. तेवढ्यासाठी चालता इन्व्हर्टर टाकू नका. पुढचा घ्याल तेव्हा साइन वेव्ह घ्या.

*बटण दाबलं की पंखा नुसता ‘हूं’ करतो, फिरत नाही. काठीने पातं ढकललं की फिरायला लागतो. आता रोजच काठी घ्यावी लागते.*
*— बडोदा*

कंडेन्सर गेला. काठी ठेवून द्या. तसा अडकलेला पंखा चालू राहिला तर कॉइल तापून खरंच जळेल. छताच्या पंख्याला बहुधा २.५ मायक्रोफॅरडचा लागतो, पण तुमच्या जुन्या कंडेन्सरवर जो आकडा छापलाय तोच आणा. वेग वाढेल म्हणून मोठा आकडा टाकायचं खूळ डोक्यात घेऊ नका.

*हॉलमधला पंखा ‘खर्र खर्र’ करतो, बंद केल्यावरही थांबेपर्यंत खरखरतो. सासूबाईंनी सांगितलं म्हणून वरून खोबरेल तेल सोडलं. आठवडाभर छान चालला. मग आवाज दुप्पट झाला आणि सोफ्याच्या कव्हरवर काळे थेंब पडायला लागले. आता शिलाई मशीनचं तेल सोडू का?*
*— गृहिणी, कराड*

नको. सासूबाईंना माझा नमस्कार सांगा आणि तेलाची बाटली जरा लांब ठेवा.

छताच्या पंख्याची मोटार उलट्या बांधणीची. विहिरीवरच्या पंपात मधला दांडा फिरतो आणि बाहेरचं अंग स्थिर असतं. पंख्यात मधला दांडा आणि त्यावरची कॉइल छताला लटकून स्थिर, आणि बाहेरचं गोल अंग पात्यांसकट फिरतं. या दोघांमध्ये दोन बेअरिंगं, एक वर आणि एक खाली. घरगुती पंख्यात बहुतेक वेळा ६२०२ नंबरचं असतं, म्हणजे भोक १५ मिलिमीटर, बाहेरचा व्यास ३५ आणि जाडी ११. काही पंख्यांत दोनपैकी एक ६२०१ किंवा ६२०३ निघतं. नंबर बेअरिंगच्या कडेवर कोरलेला असतो. त्यापुढे ‘झेडझेड’ असेल तर दोन्ही बाजूंना पत्र्याचं झाकण आहे आणि आतलं ग्रीस कारखान्यातच भरलंय.

वरून सोडलेलं तेल त्या झाकणाच्या बारीक फटीतून थोडं आत जातं आणि ग्रीस पातळ करतं. म्हणून आठवडाभर आवाज दबला. मग पातळ झालेलं ग्रीस खाली ओघळलं. तुमच्या सोफ्यावर पडलं ते तेच. तेलाला चिकटून धूळ आत गेली आणि गोळ्या कोरड्या घासायला लागल्या. खोबरेलाची आणखी एक खोड आहे. ते २४-२५ अंशांच्या खाली थिजतं, म्हणजे डिसेंबरात तुमच्या बेअरिंगमध्ये मेणच. मशीनचं तेल थिजणार नाही, पण बाकीचं सगळं नुकसान तेवढंच करेल. शिवाय उरलेलं तेल कॉइलवर उतरतं, त्यावर धुळीचा थर बसतो आणि पुढे कधी पंखा भरायला, म्हणजे कॉइलची तार नव्याने गुंडाळायला आला की तो खरवडताना आमचे हात दुखतात.

बेअरिंगच गेलंय याची खात्री करायची असेल तर मेन स्विच बंद करून स्टुलावर चढा. पातं न धरता मोटारीचं अंग दोन्ही हातांनी धरून सावकाश फिरवा. चांगलं बेअरिंग हाताला लागतच नाही. खराब झालेलं वाळूवरून फिरल्यासारखं कचकचतं. मग तेच अंग वर-खाली आणि आडवं हलवून बघा; खुळखुळलं तर दुसरा पुरावा मिळाला.

बदलायची तर दोन्ही बेअरिंगं एकदम बदला. जुनं आज नाही तर सहा महिन्यांनी जाईल आणि मजुरी पुन्हा पडेल. पंखा कारागिराकडे द्याल तेव्हा जमलं तर समोर बसा. पंखा उघडण्याआधी तो वरच्या आणि खालच्या झाकणावर खूण करतो का ते बघा, कारण झाकण होतं त्याच जागी परत बसलं नाही तर नवी थरथर सुरू होते. जुनं बेअरिंग पुलरने, म्हणजे ओढून काढायच्या अवजाराने, निघायला हवं. नवं बसवताना आतल्या कड्यावर टेकेल असा नळीचा तुकडा घेऊन हलक्या हाताने ठोकायचं असतं. ज्याने बाहेरच्या कड्यावर हातोडा घातला त्याने काम बिघडवलं. तो मार गोळ्यांतून आत जातो, गोळ्या धावतात त्या वाटेवर बारीक खड्डे पडतात आणि कोरं बेअरिंग पहिल्या दिवसापासून खरखरतं. ‘बेअरिंग बदललं तरी आवाज आहे’ असं सांगत येणाऱ्या पंख्यांत मला हे फार दिसतं.

दुसरं कारण म्हणजे घर सैल होणं. बेअरिंग ज्या खोबणीत बसतं तिला आम्ही घर म्हणतो. वर्षानुवर्षं खराब बेअरिंगवर पंखा चालवला की बाहेरचं कडं खोबणीतच फिरायला लागतं आणि घर झिजतं. मग कितीही चांगलं बेअरिंग घाला, ते डुगडुगणार. काही जण खोबणीच्या कडेने पंच मारून धातू आत ढकलतात आणि बेअरिंग घट्ट करून देतात. एक उन्हाळा निघतो, फार तर दोन. माझे वडील, अण्णा, ज्यांच्या हाताखाली मी मोटारी भरायला शिकले, असा पंखा गिऱ्हाइकाला तसाच परत द्यायचे आणि एक पैसा घ्यायचे नाहीत. मी पंच मारून देते, पण आधी सांगून. तुमच्या पंख्याचं घर अजून शाबूत असेल तर दोन बेअरिंगं आणि मजुरी एवढ्यात तो पुढची बरीच वर्षं चालेल. म्हणून खरखर सुरू झाल्यावर ढकलत राहू नका.

*घराला रंग दिला. रंगाऱ्यांनी दोन खोल्यांतले पंखे उतरवून पुन्हा लावले. आता दोन्ही पंखे चारच्या पुढे नेले की झोके घेतात आणि वरची वाटी ‘खडखड’ वाजते. पंखे एकाच कंपनीचे, एकाच दिवशी घेतलेले आहेत.*
*— नाशिक*

एकाच दिवशी घेतले म्हणूनच घोळ झाला. पाती दिसायला सारखी, तेव्हा रंगाऱ्यांनी ढिगातून हाताला लागली ती जोडली. कारखान्यात तीन पाती वजनाने जुळवून एक संच करतात. या संचातलं पातं त्या संचात गेलं की काही ग्रॅमचा फरक पडतो, आणि मिनिटाला साडेतीनशेच्या आसपास फेरे घेताना तो फरक पंख्याला ओढत राहतो. मेन बंद करून सहाही पाती उतरवा. पाठीवरची धूळ आणि रंगाचे शिंतोडे पुसा, स्वयंपाकघरातल्या काट्यावर एकेक तोला आणि जवळच्या वजनाची तीन-तीन वेगळी करा. एखादा संच मग आपोआपच ओळखू येतो.

जोडून झाल्यावर दोन मापं घ्या. तिन्ही पात्यांच्या टोकांमधली अंतरं टेपने मोजा, तिन्ही सारखी हवीत. मग एक काठी छताला टेकवून उभी धरा, पातं हाताने फिरवत एकेकाचं टोक काठीजवळ आणा आणि खूण करा. एखादं टोक खाली येत असेल तर त्याचा ब्रॅकेट वाकलाय. बहुधा रंगाऱ्याने पंखा पात्याला धरून उचलला असेल. हाताने हलकेच दाबून तो सरळ होतो. हातोडी नको.

एवढं करूनही थोडी थरथर उरली तर नाणं घ्या. हल्लीचं रुपयाचं लहान नाणं साधारण ३ ग्रॅमचं असतं. ते एका पात्याच्या वरच्या बाजूला मध्यावर चिकटपट्टीने घट्ट लावा आणि पंखा हळू चालवून बघा. आळीपाळीने तिन्ही पात्यांवर लावा. ज्या पात्यावर थरथर कमी होते, तिथेच नाणं मागे-पुढे सरकवून जागा शोधा. पट्टी मजबूत हवी आणि चाचणीच्या वेळी खाली कोणी उभं नको. वरच्या वाटीचा स्क्रू तर सैल आहेच, तो शेवटी आवळा. वाटी आधी आवळली की खडखड थांबते आणि माणसं समजतात पंखा दुरुस्त झाला.

*आमचं कौलारू घर जुनं आहे, समुद्र जवळ. माजघरातल्या तुळईला पंखा टांगलाय. प्रत्येक फेऱ्याला ‘टक्’ असा आवाज येतो. आम्हाला त्याची सवय झाली आहे, पण पुण्याहून आलेल्या नातवाला झोप येत नाही.*
*— एक आजी, दापोली तालुका*

आजी, नातवाचं ऐका आणि तो पंखा आज लावू नका.

‘टक्’ कधी कधी साधा असतो: पात्याचा स्क्रू सैल, वाटी सरकून दांडीला घासते, वाटीतली वायर हलते. पण तुमच्या घराला खारं वारं लागतं, म्हणून मला आधी वरचं बघायचंय. दांडीच्या टोकाला इंग्रजी ‘यू’च्या आकाराची कडी असते, तिच्यात रबराची गुंडी आणि आरपार एक बोल्ट. ही गुंडी हुकावर बसते. रबर म्हातारं होऊन दगडासारखं झालं की पंख्याचा प्रत्येक हेलकावा लोखंडावर लोखंड आपटवतो. तोच टक्. रबर तुटून पडलं असेल तर बोल्ट थेट हुकावर घासतो आणि दोघांत खाच पडते. अशा खाचेत गंज शिरला की काय होतं ते मी नातवासमोर सांगत नाही. पंखा चार-पाच किलोंचा असतो आणि तो फिरत असताना सुटतो.

खात्रीच्या वायरमनला बोलवा आणि पंखा पूर्ण खाली उतरवून घ्या. खालून टॉर्च मारून बघणं पुरेसं नाही. हुकाला बोटाने लागेल इतकी खाच असेल तर हुक नवा. रबराची गुंडी तर नवी हवीच, ती अगदी स्वस्त येते. बोल्टाच्या टोकाला दोन पायांची पिन असते, ती आरपार घालून पाय फाकवलेले असावेत. जुन्या पंख्यांत ही पिन नसते किंवा तिच्या जागी वायरचा तुकडा वळवलेला असतो. ते चालणार नाही. दांडी मोटारीला जिथे जोडली आहे तिथलाही बोल्ट आणि पिन बघायला सांगा. तुळईत हुक नुसता पिळून घुसवला असेल तर तो काढून तुळईच्या आरपार जाणारा बोल्ट आणि वर मोठा वॉशर घाला. आणि वायरमन वर असेतो तुळईवर पान्याने ठोकून बघू द्या. वाळवी लागली असेल तर आवाज पोकळ येतो. शेवटी एक पोलादी तार दांडीभोवती आणि तुळईभोवती वेगळी बांधून ठेवा. हुकाने दगा दिला तर पंखा तिच्यावर लटकेल.

*सदाशिव पेठेत कॉट बेसिसवर राहून स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करतोय. टेबल फॅन मान फिरवताना ‘कट कट कट’ करतो. रूम पार्टनर वैतागलेत. ताई, नवा घ्यायला पैसे नाहीत.*

मागची खुंटी वर ओढून मान फिरणं थांबव. कटकट थांबली तर दोष गिअरचा. आतल्या प्लास्टिकच्या चाकाचे दात झिजलेत. तूर्त पंखा एका जागी ठेवून चालव, चाक बदलून मिळतं. कटकट तशीच राहिली तर जाळीच्या क्लिपा बघ, त्यांतली एखादी उडालेली असते.

आणि हो, टेबल फॅनला तेल चालतं. त्यात बहुधा गोळ्यांची बेअरिंगं नसतात, पितळी रंगाचे बुश असतात आणि ते तेलावरच जगतात. प्लग काढ, पातं उतरव, दांड्यावर गुंतलेले केस आणि धागे काढ, मग पुढच्या बुशजवळ मशीनच्या तेलाचे दोन थेंब. मागचं झाकण उघडता आलं तर तिथेही दोन. हाताने फिरवून तेल मुरू दे. खोबरेल इथेही नाही. अभ्यासाला शुभेच्छा.

*दुकानदाराने बीएलडीसी पंखा घ्यायला लावला. रिमोटवर छान चालतो, पण जुना रेग्युलेटर कमी केला की गुरगुरतो आणि मध्येच बंद पडतो. शिवाय एक विचारायचंय, बाकीचे तीन जुने पंखेही बदलून टाकू का?*
*— ठाणे*

बीएलडीसी म्हणजे ब्रश नसलेली डीसी मोटार. या पंख्याच्या पोटात स्वतःचं सर्किट असतं, तेच वेग सांभाळतं. त्याला रेग्युलेटर लावायचाच नसतो. वायरमनकडून तो मधून काढून घ्या आणि पंखा थेट बटणावर घ्या. तोवर रेग्युलेटर पाचवरून हलवू नका, सर्किट जाईल.

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर देताना माझंच गिऱ्हाईक तुटतं, तरी देते. जुना पंखा साधारण ७५ वॅट घेतो, बीएलडीसी ३०च्या आसपास. दिवसाला बारा तास चालला तर महिन्याला सोळा-एक युनिट वाचतात. तुमच्या बिलावरच्या दराने गुणून बघा. १ जानेवारी २०२३ पासून छताच्या पंख्यांना स्टार लेबल सक्तीचं झालंय, तेव्हा घेताना खोक्यावरचे तारे मोजा. कॉइल जळली असेल तर जुना पंखा भरून घेऊ नका, तेच पैसे नव्यात घाला. नुसतं बेअरिंग किंवा कंडेन्सर गेला असेल आणि पंखा दिवसातून दोन-तीन तासच लागत असेल, तर दुरुस्त करा. सर्वांत जास्त चालतो तो आधी बदला. पाहुण्यांच्या खोलीतला राहू द्या.